हागारेच्या विहिरीचें नांव
(उत्पत्ति २५:११; २६:१८)

अब्राहामाच्या काळच्या विहिरी पलिष्ट्यांनीं मातीनें बुजविल्या होत्या. इसहाकानें गराराच्या खोऱ्यांत त्या पुन्हां उकरिल्या आणि बापानें दिलेलींच नांवें त्यांस दिलीं. जुनीं नांवें परत आणूं पाहणारे लोक हाच उतारा आधारास घेतात. त्याच कोरड्या मुलखांतील ठिकाणांस इब्री नांवें देण्याकरितां इस्राएल सरकारनें १९४९ सालीं समिति नेमिली. तोंवर बहुतेक नांवें अरबी होतीं. अरब ज्या ओढ्यास वादी म्हणत, त्यास आतां नहल म्हणावयाचें. (हा वादी शब्द आपल्या खराबवाडींतल्या वाडीसारखा ऐकूं येतो, पण त्याचा अर्थ वस्ती नव्हे, पाऊस पडला तरच वाहणारा ओढा व त्याचें खोरें.) आणि इब्री बैर व अरबी बीर हे तर सख्खे भाऊ, दोहोंचा अर्थ विहीर.

ह्याचें आपणांस नवल वाटूं नये. १६६० सालीं शाहिस्तेखानानें फिरंगोजी नरसाळ्याकडून चाकणचा कोट घेतला, तेव्हां चाकणास इस्लामाबाद हें नांव देण्यांत आलें. तें दप्तरांत राहिलें. कांदा चाकणच्याच बाजारीं येत राहिला. खेडचें राजगुरुनगर झालें तें एका हुतात्म्याच्या आदरानें, तरी तालुका अद्याप खेडच म्हणवितो.

मग खरें नांव कोणतें? इसहाक कोठें राहिला तें पाहा. बैर-लहाय-रोईजवळ. हें नांव अब्राहामानें दिलेलें नव्हे. धनिणीच्या जाचानें रानांत पळालेल्या गरोदर मिसरी दासीला, हागारेला, देवानें तेथें पाहिलें, आणि तिच्या मुखांतील शब्दांवरून तें पडलें. ज्या इश्माएलास अरब आपला पूर्वज मानितात, तो तेव्हां तिच्या उदरांत होता. बापाचीं नांवें इतकीं जपणारा इसहाक ह्या पाण्यावर वस्तीस आला. पण येथें त्यानें नांव बदलिल्याचें शास्त्र सांगत नाहीं. आपल्या आईनें जिला घरांतून घालवावयास लाविलें, तिच्या तोंडचा शब्द तो रोज पाणी भरतांना उच्चारीत असेल.

आपल्यांतील वृद्धांस ठाऊक आहे कीं, गांवाबाहेरील आपल्या वस्त्यांचीं नांवें आपल्या आजोबांनीं ठेविलीं नव्हतीं. दुसऱ्यांनीं लांबून बोट दाखवून ठेविलीं. वस्त्यांचीं जातिवाचक नांवें बदलण्याचा निर्णय महाराष्ट्र सरकारनें डिसेंबर २०२० मध्यें केला, तो योग्यच होय. नांव किती जुनें, हें मग विचारावें. तें तहानेल्यानें ठेविलें, कीं त्याला पाणवठ्यापासून हांकणाऱ्यानें, हें आधीं.

आज निघोजें, म्हाळुंगें, कुरुळी येथील भाड्याच्या खोल्यांतून परप्रांतीय कामकरी राहतात. त्यांतील कोणी उपासनेस येऊन देवाला आपल्या भाषेंतील नांवानें हांक मारितो, तर मागच्या बैठकींत हंसूं फुटतें. हें हंसूं हागारेच्या देवाच्या घरांत शोभत नाहीं. मंडळीच्या वडिलांनीं येत्या रविवारीं अशा एका बंधूस पुढें बोलवावें व त्याच्याच भाषेंत प्रार्थना करूं द्यावी. आमेन आपण सर्वांनीं म्हणावें. तो शब्द इब्री आहे, आणि अरब ख्रिस्ती लोकही तोच म्हणतात.