खुर्द्याचा हिशेब

लढाईची खरी बातमी घरी बसलेल्या माणसाला सांगावी की नाही? हा प्रश्न दिवाळीच्या फराळाबरोबर काढण्यासारखा नव्हे, हे खरे; पण ज्या घरचा मुलगा सरहद्दीवर आहे, त्या घरात तो पणत्यांबरोबरच जळत असतो.

पानिपतावर १४ जानेवारी १७६१ रोजी मराठी फौज बुडाली. मदतीसाठी उत्तरेकडे निघालेल्या नानासाहेब पेशव्यांना ती बातमी पोचली एका सावकारी पत्रातून. दोन मोती गळाले, सत्तावीस मोहरा हरपल्या, खुर्द्याची तर गणतीच नाही, असा त्याचा आशय. विश्वासराव आणि सदाशिवरावभाऊ हे मोती, सरदार त्या मोहरा, आणि साधा शिपाई तो खुर्दा!

या पत्राने बातमी लपवली, पण खोटी केली नाही. वाटेत कोणी ते फोडले असते तर त्याला पेढीचा तोटा दिसला असता. ज्याला कळायचे त्याला सारे कळले. लपवणे आणि फसवणे यांत अंतर आहे ते हेच. उद्या फौज कोणत्या खिंडीतून जाणार, हे सेनापतीने सांगू नये, आपण विचारूही नये. परंतु काल काय घडले ते शत्रूने डोळ्यांनी पाहिलेले असते. कालच्या हानीवरून तो उद्याचे बळ ताडतो, असे कोणी म्हणेल. काही दिवस हे मान्य करू, पण वर्षानुवर्षे? १९६२ च्या पराभवाची चौकशी हेंडरसन ब्रूक्स आणि भगत या सेनाधिकाऱ्यांनी केली. संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाणांनी १९६३ मध्ये लोकसभेत तिचे सार सांगितले. सबंध अहवाल मात्र सरकारने अजून प्रसिद्ध केलेला नाही. ज्यांनी मुलगे दिले, त्यांच्यापासूनच हे झाकायचे का?

आणि जिथे खात्रीची बातमी नसते, तिथे तोतया जन्मतो. भाऊ गेले हे अनेकांच्या मनाने घेतलेच नाही. म्हणून तर ‘मीच भाऊ’ म्हणणाऱ्यामागे माणसे लागली, आणि १७७६ मध्ये त्याला देहान्त शासन द्यावे लागले.

खापरखेड्याच्या शाळेत हजेरी घेताना ‘बहुतेक मुले आली’ असे लिहून मला भागत नाही. प्रत्येक नावापुढे खूण करावी लागते. त्या सावकाराला खुर्दा मोजता आला नाही, निदान त्याने तसे लिहून तरी टाकले. आजच्या फौजेजवळ शिपायाशिपायाचे नाव नि नंबर असतो. तेव्हा युद्धवार्तेची कसोटी एकच. मोती आणि मोहरा सारेच मोजतात. तिने खुर्दा मोजला आहे काय?