नेम

लेब्रॉन जेम्सच्या हातात चेंडू होता, स्कोअर १२०-१२०, आणि घड्याळात मोजके क्षण उरले होते. टोरांटोत ४ डिसेंबर २०२५ ची रात्र होती, आपल्याकडे ५ तारखेची सकाळ. त्या सामन्यात त्याचे स्वतःचे गुण होते आठ. आणखी एक बास्केट टाकली असती तर दहा झाले असते, आणि जानेवारी २००७ पासून चालत आलेली एक मालिका तशीच पुढे गेली असती. नियमित मोसमातल्या सलग १,२९७ सामन्यांत त्यानं दहा किंवा जास्त गुण केले होते. त्याच्याआधी हा विक्रम मायकेल जॉर्डनच्या नावावर होता, ८६६ सामन्यांचा. लेब्रॉननं चेंडू स्वतः टाकला नाही. कोपऱ्यात मोकळ्या उभ्या असलेल्या रुई हाचिमुराकडे दिला. हाचिमुरानं तीन गुणांचा फटका मारला, भोंगा वाजला, लेकर्स १२३-१२० नं जिंकले आणि अठरा-एकोणीस वर्षांची मालिका आठ गुणांवर थांबली.

आमच्या टोळीत आजवर कुणी बास्केटबॉल खेळलेलं नाही. दुसरबीडात मुलं क्रिकेट खेळतात, कबड्डी खेळतात आणि भरतीसाठी पळतात. पण मोबाइलवर ती क्लिप सगळ्यांनी पाहिली आणि अभ्यासिकेबाहेर चहाच्या टपरीवर त्यावरून जी जुंपली ती आठवडाभर चालली. अर्ध्यांचं म्हणणं, असा माणूस देवमाणूस. उरलेल्यांचं म्हणणं, येडा आहे. एवढं जपलेलं कुणी असं सोडतं का? मी सुरुवातीला पहिल्या गटात होतो. अजूनही आहे, पण दुसऱ्या गटाचं म्हणणं वाटलं होतं तितकं उथळ नाही. म्हणून हे लिहितोय.

आधी त्या आकड्याकडे नीट पाहू. लेब्रॉनची कारकिर्दीतली सरासरी सामन्याला सत्तावीसच्या आसपास आहे. मग दहा ही काही त्याच्या उंचीची खूण नव्हे. तो त्याचा तळ आहे. सरासरी सांगते की माणूस साधारणपणे कुठे असतो. ही मालिका सांगत होती की सर्वांत वाईट दिवशी तो किती खाली जातो. ताप असेल, घोटा दुखत असेल, आदल्या रात्री विमानात झोप झाली नसेल, तरी याच्या खाली नाही. क्रिकेटमध्ये समजा एकानं तीन डावांत ४०, ४०, ४० केल्या आणि दुसऱ्यानं ०, १२०, ०. सरासरी एकच. पण कोण कुणाच्या भरवशावर झोपू शकतं, याचं उत्तर एक नाही. आपण पोस्टर १२० वाल्याचं लावतो. घर मात्र ४० वाल्याच्या जिवावर चालतं. मला वाटतं, सातत्याबद्दलचा आपला आदर खरं तर या तळाबद्दलचा आहे. माणूस किती चांगला आहे हे त्याच्या चांगल्या दिवशी कळतच नाही, चांगल्या दिवशी सगळेच चांगले असतात.

पण हाच आकडा काही गोष्टी झाकतो. मालिका फक्त नियमित मोसमाची होती, बाद फेरी तिच्यात मोजली जात नाही. २०११ च्या अंतिम मालिकेतल्या चौथ्या सामन्यात, डॅलसविरुद्ध, लेब्रॉनचे गुण होते आठच. त्याचा संघ तो सामना हरला आणि पुढे विजेतेपदही गेलं. तेही आठ आणि टोरांटोतलेही आठ. पहिल्या आठांनी मालिका मोडली नाही, कारण ते मोजायचेच नव्हते. दुसऱ्या आठांनी मोडली, आणि त्या दिवशी संघ जिंकला. मोजणारा जे मोजायचं ठरवतो त्यालाच आपण सातत्य म्हणत असतो, हे एवढ्यावरून तरी दिसावं.

जॉर्डनची मालिका कशी मोडली तेही पाहण्यासारखं आहे. दोनदा निवृत्त होऊन परतलेला अडतीस वर्षांचा जॉर्डन, वॉशिंग्टनकडून खेळताना, २७ डिसेंबर २००१ रोजी इंडियानात फक्त सहा गुण करू शकला. संघही हरला. दोनच दिवसांनी त्यानं शार्लटविरुद्ध ५१ केले. ती गोष्ट ऐकायला जास्त झकास आहे, यात शंका नाही. अपमान झाला, चवताळला, उत्तर दिलं. पण तिच्यात दुसरा माणूस कुठेच नाही. टोरांटोतल्या गोष्टीत हाचिमुरा आहे.

आता माझ्या मूळ मुद्द्याकडे येतो. मराठीत ‘नेम’ हा एकच शब्द दोन कामं करतो. आजी एकादशी धरते तो नेम, आणि कैरीवर दगड मारताना धरतो तोही नेम. एक रोज पाळायचा, दुसरा क्षणभर साधायचा. खेळाडूचं सगळं आयुष्य या दोन नेमांच्या मधे जातं. रोज पहाटे उठणं हा पहिला, आणि ते कशासाठी तर दुसरा चुकू नये यासाठी. भानगड तेव्हा होते, जेव्हा पहिला नेम दुसऱ्याचं काम विसरतो. पाळणं उरतं आणि कशावर नेम धरला होता तेच आठवत नाही.

तुमच्या मोबाइलमध्येही अशी एखादी मालिका चालू असेलच. भाषा शिकायच्या अ‍ॅपमधली, नाहीतर मित्राला रोज फोटो पाठवायची. आमच्या अभ्यासिकेत अभ्यासाच्या तासांची आहे. ग्रुपवर रोज रात्री टायमरचा स्क्रीनशॉट टाकायचा. आमच्यातल्या एकाची दोनशेच्या वर दिवसांची मालिका आहे. मागच्या हंगामात अवकाळी येणार म्हणून घरचे सगळे रानात होते, वेचलेला कापूस झाकायची धावपळ चालली होती. हा पठ्ठ्या मोबाइल बांधावर ठेवून टायमर सुरू करून आला आणि मग ताडपत्री ओढायला लागला. रात्री स्क्रीनशॉट पडला, आठ तास. मी त्याला खोटारडा म्हणणार नाही. कापूस त्यानं खरंच झाकला. पण त्या दिवशी त्याला पुस्तकाचं काही पडलं नव्हतं, बापाच्या कापसाचं पडलं होतं, आणि ते बरोबरच होतं. मग ते उघडपणे ‘शून्य तास’ असं का लिहिता येऊ नये? शून्य लिहिण्यासाठी जी ताकद लागते ती आठ तास बसण्यापेक्षा कमी नसते, असं माझं मत आहे.

यावर त्याचं उत्तर मात्र बिनतोड होतं. तो म्हणाला, “आज शून्य लिहिलं, की उद्या शून्य लिहायला काहीच वाटत नाही. तुला माहिताय का, शून्याची पण स्ट्रीक असते.” हे खोटं नाही. पोलीस भरतीच्या १,६०० मीटरसाठी पळणाऱ्या कुणालाही विचारा. एक पहाट चुकली की दुसरी चुकते, दुसरीनंतर गोधडी जड होते. आकडा हा कुबडीसारखा असतो, आणि कुबडीला हसायचा हक्क ज्याचे पाय धड आहेत त्याला नाही. जी मालिका लेब्रॉननं सोडून दिली, त्याच मालिकेनं त्याला चाळिशीपर्यंत पहाटे उठवलं नसेल कशावरून?

इथे मला आमच्या विदर्भातला एक माणूस आठवतो. म्हणजे माणूस मुंबईचा, बेस्टच्या बसचालकाचा मुलगा, पण शेवटी आमचा झाला. वासिम जाफर. कसोटी सामने ३१, त्यातला शेवटचा २००८ मध्ये. त्यानंतर भारतीय संघाचं दार पुन्हा उघडलं नाही. तो २०२० पर्यंत खेळत राहिला. बारा वर्षं! रिकाम्या स्टेडियमांत, रणजी करंडकात, जिथे शतकाची बातमी पेपरच्या आतल्या पानावर येते. रणजीत १२,०३८ धावा, इतक्या तोवर कुणीच केल्या नव्हत्या. दीडशे रणजी सामने खेळणारा तो पहिला. २०१५ मध्ये तो विदर्भात आला, मधे दुखापतीनं मोसम वाया गेला, आणि २०१७-१८ मध्ये मानधनाची बोली न करता तो विदर्भाकडून उतरला. त्याच मोसमात विदर्भानं पहिल्यांदा रणजी जिंकली. १ जानेवारी २०१८, इंदूर, समोर दिल्ली. दुसऱ्या डावात हव्या होत्या जेमतेम २९ धावा, आणि विजयी फटका जाफरच्या बॅटमधून गेला. मार्चमध्ये नागपूरला इराणी करंडकात शेष भारताविरुद्ध त्यानं २८६ केल्या, चाळीस वर्षं वय असताना. पुढच्या मोसमात पुन्हा हजारावर धावा, आणि विदर्भाला पुन्हा रणजी.

जाफरला भारतीय संघाचं आमिष उरलं नव्हतं. मग तो कशावर नेम धरून होता? त्याच्या मनातलं मला माहीत असण्याचं कारण नाही. पण बाहेरून जे दिसतं ते असं, की त्याच्या सातत्याचा उपयोग दुसऱ्या टोकाला उभ्या असलेल्या पोराला झाला. फैज फजल कप्तान, चंद्रकांत पंडित प्रशिक्षक, आणि सलामीची जोडी फुटली तरी मधे जाफर आहे, हे ठाऊक असलेला संघ. कुणाच्या तरी तळावर दुसऱ्यानं पाय रोवून उभं राहावं, यासाठी तो तळ असतो. अंतिम सामन्यात अक्षय वाडकरनं शतक ठोकलं आणि रजनीश गुरबानीनं हॅटट्रिक घेतली. पेपरात ठळक नावं त्यांची आली, आणि ते योग्यच झालं.

म्हणून मी टपरीवर असं मांडलं होतं की सातत्याची किंमत ते कुणाच्या कामी येतं त्यावर ठरते. आणि ज्या दिवशी ते जपण्यासाठी इतरांना आपली जागा सोडून तुमच्याभोवती जुळवून घ्यावं लागतं, त्या दिवशी त्याची किंमत उलट्या दिशेनं वाढायला लागते. टोरांटोत लेब्रॉननं स्वतः टाकलं असतं तर मालिका वाचली असती, कदाचित सामनाही जिंकला असता. पण कोपऱ्यातल्या मोकळ्या माणसाला बाराशे की तेराशे सामन्यांचं ओझं दिसत नसतं. त्याला एवढंच दिसतं की मी मोकळा आहे आणि चेंडू माझ्याकडे आला नाही.

एक मुलगी, जी आमच्यात सर्वांत कमी बोलते, तिनं तेव्हा विचारलं, “आणि ज्यांची मालिका कुणी मोजतच नाही त्यांचं काय?” तिची आई कापूस वेचायला जाते. वेचणीचे पैसे किलोवर मिळतात. न गेलं तर त्या दिवसाचं काहीच नाही. कितीही वर्षं सलग जाऊन तिचा विक्रम होत नाही, कारण तिला खाडा करण्याचा पर्यायच नाही. लेब्रॉनला, जाफरला, आमच्या स्क्रीनशॉटवाल्याला थांबता येतं. म्हणून त्यांचं न थांबणं हा गुण ठरतो. जिला थांबता येत नाही तिच्या न थांबण्याला आपण गुण म्हणतच नाही, परिस्थिती म्हणतो. मला हे अन्यायाचं वाटतं. त्याचं उत्तर काय, ते मात्र तिच्या आईला “वा, काय सातत्य!” म्हणणं नक्कीच नाही. तिच्यासाठी एक सुट्टीचा दिवस, भरपगारी, हे कुठल्याही कौतुकापेक्षा मोठं असेल.

आमच्याकडे नेमाचा विचार बास्केटबॉलच्या कितीतरी आधीपासून झालेला आहे. शेगावची गजानन महाराजांची पालखी पंढरपूरहून परतताना सिंदखेडराजाकडून विदर्भात शिरते आणि आमच्या पट्ट्यातून पुढे जाते. रस्त्याच्या कडेला पाणी घेऊन उभं राहिलं की वारकऱ्यांशी दोन शब्द होतात. त्यांना “कितवी वारी?” असं विचारलं, तर काही जण आकडा सांगतात. पण बरेच जण सांगतात की वारी घरात आहे. म्हणजे आधी आजोबा चालायचे, मग काका, एका वर्षी काकांचं ऑपरेशन होतं तर पुतण्या गेला. एका माणसाच्या हिशेबानं ही मालिका चार वेळा तुटलेली आहे. घराच्या हिशेबानं ती एकदाही तुटलेली नाही.

माझ्या आजीनं लग्न झाल्यापासून एकादशी धरलेली. शुगरच्या गोळ्या सुरू झाल्या आणि डॉक्टरांनी उपाशी राहू नका असं बजावलं. दोन एकादश्या तिनं कुणाला न सांगता तरी धरल्या, दुसऱ्या वेळी ओसरीतच चक्कर आली. मग पुढच्या एकादशीला सकाळी तिनं आईला जवळ बोलावलं आणि म्हणाली, “माही एकादशी आता तू धर वं बाई.” आई म्हणाली, “बरं.” एवढंच झालं. दुपारी आजी भाकरी खात होती आणि आई भगर. आजीला वाईट वाटतंय का ते मी तिच्या चेहऱ्यावर शोधत होतो. ती म्हणाली, “पाह्यतं काय? मीठ दे.”

टोरांटोतल्या सामन्यानंतर पत्रकारांनी लेब्रॉनला त्या मालिकेविषयी विचारलं, तेव्हा तो आम्ही जिंकलो यापलीकडे फारसं काही बोलला नाही म्हणतात. स्क्रीनशॉटवाल्या मित्राला मी हे सांगितलं. तो म्हणाला, हजाराच्या वर सामने झाल्यावर असं बोलायला काय जातंय, मी दोनशेवर आहे. मग त्यानं घड्याळ पाहिलं आणि टायमर लावायला आत गेला.