मितींमधली भिंत

मितींमधली सीमा किती सहज ओलांडता येते, हे आकड्यात सांगणारे मोजमाप विज्ञानकथाकार कल्पितात. आम्हांला प्रश्न पडतो, हा आकडा भिंतीचा की ओलांडणाऱ्याच्या मनाचा? एडविन ॲबट यांच्या १८८४ सालच्या ‘फ्लॅटलँड’ कादंबरीत सपाट जगात राहणाऱ्या चौरसाला एक गोल तिसरी मिती दाखवतो. चौरस विचारतो, मग चौथीही असेल ना? गोल संतापतो आणि त्याला परत सपाट जगात ढकलतो. तिथे तिसऱ्या मितीविषयी बोलला म्हणून चौरसाला त्याचेच लोक कैदेत टाकतात. दुसऱ्याची भिंत सहज ओलांडणारा गोल स्वतःच्या भिंतीपाशी मात्र अडला. तेव्हा सीमा मोजण्याआधी, प्रश्न विचारणाऱ्याशी आपण कसे वागतो, हे आधी तपासावे.