शिशाच्या शिपायांचं पाप

इंग्रज लेखक एच. जी. वेल्स युद्धाचा टीकाकार; तरी 1913 मध्ये त्यानेच 'लिटल वॉर्स' लिहून खेळण्यातल्या लढाईचे नियम बसवले. शिपाई ब्रिटन्स कंपनीचे, तोफ स्प्रिंगची. यात कुणाचं रक्त सांडत नाही, हा त्याचा युक्तिवाद. पुढच्याच वर्षी पहिलं महायुद्ध पेटलं.

आज अशाच खेळांसाठी 28 मिमीचे रोमन सैनिक दुकानात गिऱ्हाईक बिनदिक्कत घेतं. सीझरने गॉलमध्ये केलेली कत्तल टोचत नाही. शेजारच्या, नाझींच्या वाफेन-एसएस सैनिकांच्या डब्याशी मात्र हात अडखळतो.

पापाला मुदत असते का?

मुदत नसावी. फरक एवढाच, की गॉलसाठी रडणारं आज कुणी उरलेलं नाही. दुसऱ्या महायुद्धातल्या नॉर्मंडीच्या लढाईच्या खेळात जर्मन बाजू कुणीतरी मांडायलाच हवी, हे मान्य. पण इतिहासाच्या गरजेने ती मांडणं वेगळं आणि त्या गणवेशाच्या मोहापायी डबा उचलणं वेगळं.