निर्दोषत्वाची सनद

पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये १८९० साली झालेल्या चहापानास न्यायमूर्ती रानडे व लोकमान्य टिळक यांच्यासारखी मंडळी हजर होती. त्यांची नावे वर्तमानपत्रात झळकली, ग्रामण्य उभे राहिले, शंकराचार्यांपर्यंत फिर्याद गेली, आणि पेलाभर चहा व सोबतची बिस्किटे यांपायी भल्याभल्यांना प्रायश्चित्ताचा विचार करावा लागला. आज नागपुरात धरमपेठेतील एखाद्या सुस्थित घरी जावे, तर बशीतून पुढे येणारी ओटची कुकी आपला दाखला बरोबर घेऊनच येते: ‘मैदा नाही हं, साखरही नाही, गूळ आहे, काजू-बेदाणे आहेत.’ धर्मशास्त्राचे न्यायासन रिकामे झाले, त्यावर आरोग्यशास्त्र विराजमान झाले. आरोपी मात्र तोच राहिला, आणि फिर्याद दाखल होण्यापूर्वीच निर्दोषत्वाची सनद सादर करण्याइतका तो शहाणा झाला.

वास्तविक या पदार्थाची कृती स्वतःच्या गुणांवर लोभस आहे. इतवारीच्या किराणा ओळीतून चारोळी व सांगलीकडचे बेदाणे आणावेत, काजूचे तुकडे खमंग भाजावेत, लोणी व गूळ हलके होईतो फेटून त्यात ओट आणि थोडी कणीक मिसळावी. बेदाणे आधी कोमट पाण्यात भिजवून निथळले नाहीत, तर ते पिठातलीच ओल शोषून घेतात. नागपुरी वैशाखात लोणी पाहता पाहता ओघळते, म्हणून पीठ घटकाभर थंड करावे लागते. आणि मधोमध अंमळ मऊ असतानाच चकत्या ओव्हनबाहेर काढल्या नाहीत, तर निवल्यावर त्या दातांशी वैर धरतात. ओटमधील विद्राव्य तंतू रक्तातील कोलेस्टेरॉल उतरवण्यास साह्य करतात हे खरे. परंतु वाटीभर लोण्याचा आणि तितक्याच गुळाचा हिशेब त्या तंतूंच्या खात्यावर फेडला जाईल, ही समजूत पथ्याची नव्हे, सोयीची आहे.

शिवाय धान्यांची प्रतिष्ठाही त्यांच्या गुणांपेक्षा काळाच्या मर्जीवर अवलंबून असते. ओट इंग्लंडात घोडे खातात आणि स्कॉटलंडात माणसे, असा टोमणा डॉ. जॉन्सनने १७५५ च्या आपल्या कोशात मारला होता. तेच धान्य आज आपल्याकडे चढ्या भावाने विकले जाते. उलट ज्या ज्वारीने विदर्भाच्या पिढ्या पोसल्या, तिची भाकर पाहुण्यांपुढे ठेवण्यास संकोचणाऱ्या घरांना, भारताच्या प्रस्तावावरून संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरडधान्यांचे वर्ष जाहीर केल्यावर, तिची थोरवी नव्याने उमगली. ओटऐवजी ज्वारीचे पीठ घेऊनही उत्तम खुसखुशीत बिस्किटे होतात. पण तिलाही आता तोच दाखला गळ्यात अडकवून मिरवावे लागते.

याहून विचारार्ह गोष्ट निराळी आहे. सणासुदीला रवा, तूप आणि पिठीसाखर डब्यात घालून बेकरीवाल्याकडे न्यायची आणि भाजणावळ देऊन नानकटाई करून आणायची, अशी चाल आपल्या गावोगावी होती. त्या नानकटाईने आपल्या तुपाबद्दल कधी खुलासा केला नाही, कारण तिची मर्यादा तिच्या जिन्नसांत नव्हती, पंचांगात होती. सण सरला की ती सरे, आणि पुढला सण येईतो जीभ व प्रकृती दोन्ही मोकळ्या राहत. पदार्थ ‘पौष्टिक’ ठरला की ही मुदतच रद्द होते; जे औषध म्हणून खायचे, ते रोज खाण्यास कोण अटकाव करणार? अशा रीतीने संयमाच्या नावाखाली उपभोगाला बारमाही परवाना मिळतो, आणि खाणाऱ्याच्या वाट्याला ना निखळ पथ्य येते, ना निःशंक गोडी.

तेव्हा ओटच्या बिस्किटाला दिवाळीच्या फराळात खुशाल जागा द्यावी, लोण्यात काटकसर करू नये, आल्यागेल्याला आग्रह करावा. आणि डबा एकदा रिकामा झाला, की संक्रांतीपर्यंत ओव्हन पेटवू नये.