एकदा दिलेला निकाल

निकाल विरुद्ध गेला की सरकारी कर्मचाऱ्याच्या मनात वरचं कोर्ट लगेच येत नाही. आधी वाटतं, त्याच साहेबांपुढे कागद पुन्हा ठेवून पाहिले तर? महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘मॅट’मध्ये, तशी सोय आहे. 1985च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम 22ने पुनर्विलोकनाचा अधिकार दिला आहे, पण दिवाणी न्यायालयाला असतो तेवढाच. पुरेशी काळजी घेऊनही आधी हाती न आलेला महत्त्वाचा पुरावा, कागदावर उघड दिसणारी चूक, किंवा याच जातीचं दुसरं पुरेसं कारण. एवढ्यावरच अर्ज टिकतो.

उघड म्हणजे किती उघड? सेवापुस्तकात नेमणुकीची तारीख 1996 आहे आणि निकालात 2006 धरून हिशेब झाला, तर चूक बोट ठेवून दाखवता येते. दोन नियमांपैकी कोणता लागू, यावर मात्र वकिलाला तासभर बोलावं लागत असेल, तर निकाल चुकीचा असेलही, पण ती चूक पुनर्विलोकनाची नव्हे. पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध कमल सेनगुप्ता या 2008च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच बजावलं: शोधून, युक्तिवाद करून काढावी लागणारी चूक उघड नसते, आणि पुनर्विलोकनाच्या आडून अपील चालवता येत नाही.

हरलेल्याला हे निष्ठुर वाटतं. पण जिंकलेल्याच्या बाजूने पाहा. सेवेच्या खटल्यांत समोर बहुधा शासन असतं, आणि शासनाला वय नसतं. सचिव बदलतात, सरकारी वकील बदलतात, फाइल तशीच राहते. वेतननिश्चितीचा निकाल मिळवलेल्या निवृत्त लिपिकाविरुद्ध ‘हा मुद्दा राहून गेला होता’ म्हणत दर नव्या अधिकाऱ्याला अर्ज करता आला असता, तर निकालाचा कागद हाती असूनही पैसे कधीच मिळाले नसते. केंद्रीय न्यायाधिकरणाच्या नियमांत तीस दिवसांची मुदत आहे, दुसऱ्यांदा पुनर्विलोकन मागता येत नाही, आणि पहिला अर्जही सहसा सदस्यांमध्ये कागद फिरवूनच निकाली निघतो. ही कंजुषी दुबळ्या पक्षकाराच्या कामी येते, असं माझं मत आहे. पुनर्विलोकनाचा अधिकार उपजत नसतो, तो कायद्यानेच द्यावा लागतो, हे सर्वोच्च न्यायालयाने पटेल नरशी ठाकरशी प्रकरणात 1970 सालीच सांगितलं. नोटीसच न बजावता निकाल झाला असेल तर तो मागे घेणं वेगळं. तिथे गुणावगुणांचा फेरविचार नसतो, राहिलेली सुनावणी पुरी करायची असते.

माझं मन अडतं ते एका स्पष्टीकरणापाशी. 1976च्या दुरुस्तीने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या पुनर्विलोकनाबाबतच्या आदेश 47मध्ये घातलेलं हे स्पष्टीकरण म्हणतं, की ज्या कायदेशीर मुद्द्यावर निकाल उभा आहे तो पुढे वरिष्ठ न्यायालयाने दुसऱ्या प्रकरणात फिरवला, तरी ते पुनर्विलोकनाचं कारण नाही. म्हणजे एकाच तुकडीतले दोघे: जो आधी लढला आणि हरला तो हरलेलाच, जो पुढच्या निकालानंतर आला तो जिंकला. आधी लढण्याची ही शिक्षाच झाली.

सेवाज्येष्ठतेपुरतं मी हे मान्य करतो. एकाला वर सरकवलं की यादीतले वीस जण खाली जातात, त्यांच्या बढत्या हलतात, आणि त्यातले कितीतरी खटल्यात नसतातही. निवृत्तिवेतनाचं तसं नाही. तिथे दुसऱ्या कोणाचं काही जात नाही, आणि चुकीच्या हिशेबाचा फटका दर महिन्याला नव्याने बसतो. उशिरा केलेल्या दाव्यांबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2008 साली तरसेम सिंग प्रकरणात नेमका हाच भेद केला: वेतन वा निवृत्तिवेतनाचा अन्याय चालू राहणारा असेल तर उशीर आड येऊ नये, पण इतरांचे स्थिरावलेले हक्क हलणार असतील तर यावा. थकबाकीलाही त्यांनी सर्वसाधारणपणे आधीच्या तीन वर्षांची मर्यादा घातली.

हा भेद पुनर्विलोकनातही आणता आला असता. जुनी थकबाकी नको, पुढच्या महिन्यापासूनचं निवृत्तिवेतन नव्या निकालाप्रमाणे द्या, एवढंच. आज अशा माणसाला उच्च न्यायालयाची वाट धरावी लागते. 1997च्या एल. चंद्रकुमार निकालाने ती खुली ठेवली आहे, पण सत्तरीतल्या पेन्शनराने त्यासाठी नवा वकील, नवा खर्च आणि पुन्हा तारखा पत्कराव्यात, याचं समर्थन मला सापडत नाही.