क्षण पंचांगात राहतो काय?

गेलेला क्षण परत येत नाही, हे लहान पोरालाही ठाऊक आहे. तरीही तो जपून ठेवावा अशी माणसाची धडपड फार जुनी आहे. कोणी शिळा कोरतो, कोणी देऊळ बांधतो. आणि ज्याच्या हाती सत्ता असते तो कधीकधी कालगणनाच नवी सुरू करतो. प्रश्न असा की, अशाने तो क्षण खरोखर टिकतो काय? आणि टिकत असेल तर कशाच्या आधारावर? हा प्रश्न केवळ ज्योतिष्यांचा नव्हे. तिथी पाळणाऱ्या प्रत्येकाचा तो आहे. म्हणून आज त्याचा थोडा विचार करण्याचे आम्ही योजिले आहे.

या बाबतीत फ्रान्स देशाचे उदाहरण फार बोधक आहे. तेथे राजेशाही मोडून लोकांचे राज्य स्थापन झाले. त्या राज्याचा पहिला दिवस, २२ सप्टेंबर १७९२, हाच काळाचा आरंभ धरावा असे पुढाऱ्यांनी ठरविले आणि १७९३ साली नवे पंचांग अमलात आणले. बारा महिने, प्रत्येक महिना तीस दिवसांचा, आणि वर्षअखेरीस पाच किंवा सहा दिवस जादा. सात दिवसांचा आठवडा मोडून दहा दिवसांचा केला. महिन्यांना नावेही गोड दिली: द्राक्षतोडणीचा, धुक्याचा, बर्फाचा, अंकुराचा. ती नावे फाब्र देग्लांतीन नावाच्या कवीने सुचविली होती. बहुतेक दिवस एखाद्या वनस्पतीला, जनावराला किंवा अवजाराला वाहिलेले होते. घोड्याला दिवस होता, गाढवाला होता. धुक्याच्या महिन्यातला दहावा दिवस नांगराचा होता. ज्याच्या घरी पोळ्याला बैलाची पूजा होते, त्याला यातली आपुलकी समजायला वेळ लागणार नाही. कल्पना वाईट नव्हती, हे प्रांजळपणे म्हटले पाहिजे.

मग बिघडले कोठे? नांगराला दिवस मिळाला. पण नांगर धरणाऱ्याचं काय झालं? पूर्वी त्याला सातव्या दिवशी विसावा मिळे, आता दहाव्या दिवशी मिळू लागला. वर्षाला बावन्न रविवार होते, त्यांच्या जागी छत्तीस सुट्या आल्या. ज्याच्या कष्टाचा गौरव करावयाचा त्याचीच विश्रांती कापली गेली, आणि कापण्यापूर्वी त्याला कोणी विचारले नाही. लोकांनी हे पंचांग मनापासून स्वीकारले नाही. कवी देग्लांतीन याचे मस्तक १७९४ च्या एप्रिलात, त्याच राज्याच्या हुकुमाने, धडावेगळे झाले. पंचांगाचा मुख्य रचनाकार झिल्बेर रोम यालाही मृत्युदंड फर्मावण्यात आला, तेव्हा त्याने १७९५ साली स्वतःला भोसकून घेतले.

याहून विचार करण्यासारखी गोष्ट पुढेच आहे. २ डिसेंबर १८०४ रोजी नेपोलियनने स्वतःला बादशहा म्हणून अभिषेक करवून घेतला. त्या दिवशी सरकारी पंचांगात साल कोणते होते? लोकराज्याचे तेरावे! गादीवर बादशहा बसला, आणि आकडा मात्र लोकराज्याची वर्षे मोजीतच होता. शेवटी १ जानेवारी १८०६ पासून ते पंचांग बंद करून जुने चालू करण्यात आले. म्हणजे आकडा काही काळ टिकला. पण ज्या अर्थासाठी तो निर्माण केला तो अर्थ त्याच्याही आधी निघून गेला होता. भांडे राहिले, पाणी सांडले.

येथे कोणी विचारील, मग आपल्या शिवछत्रपतींनीही नवा शक चालू केलाच की! होय, केला. शालिवाहन शके १५९६, ज्येष्ठ शुद्ध १३, म्हणजे ६ जून १६७४ रोजी रायगडावर अभिषेक झाला आणि राज्याभिषेक शक सुरू झाला. पण दोहोंत फरक आहे. महाराजांनी रयतेचे महिने मोडले नाहीत, तिथ्या बदलल्या नाहीत, वारांना हात लावला नाही. बदलला तो केवळ वर्षाचा आकडा. शिवाय त्या आकड्याच्या जोडीला प्रत्यक्ष कामही होते: स्वतःचे होन आणि शिवराई पडल्या, दप्तरातील फारसी शब्दांना पर्याय म्हणून राज्यव्यवहारकोश सिद्ध झाला. आज हा शक रोजच्या व्यवहारात उरलेला नाही. पण ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी लोक विसरलेले नाहीत. गणना मागे पडली, दिवस राहिला. यावरून एवढे समजते की, दिवस टिकतो तो मोजण्याने नव्हे.

हुकूम कोणाचाही नसताना लोक स्वतःचे पंचांग कसे घडवितात तेही पाहावे. खेड्यातल्या एखाद्या आजीला विचारा, "लगीन कवा झालं?" ती सन सांगणार नाही. म्हणेल, "कोयनेचा भूकंप झाला त्या साली." दुसरी बाहत्तरच्या दुष्काळावरून लेकाचे वय सांगेल, खडी फोडल्याचे, सुकडी आणि मिलो खाल्ल्याचे सांगेल, आणि कोणत्या घराने आपल्या घासातला घास दिला तेही सांगेल. त्या घराशी तिच्या घराचा ऋणानुबंध अजून चालू असतो. हेच तिचे खरे पंचांग. ते भिंतीवर टांगलेले नसते. देण्याघेण्यात आणि उपकार फेडण्यात ते जिवंत असते.

आता आपल्याकडे वळू. कार्तिक वद्य त्रयोदशी, शके १२१८: ज्ञानदेवांनी आळंदीस समाधी घेतली. सातशेहून अधिक वर्षे झाली. मधल्या काळात राज्ये आली, गेली. शक बदलले, सन बदलले. देहूची बीज आणि पैठणची षष्ठी यांचेही तसेच. कोणत्याही सरकारने सक्ती केली नाही, तरी माणसे त्या तिथीला चालत येतात. याचे कारण, त्या दिवशी काही तरी करावे लागते. चालावे लागते, जागावे लागते, शेजाऱ्याला पंगतीत बसवावे लागते. कृतीने तो क्षण दरसाल नवा होतो. ज्या तिथीला काही करावयाचे नसते ती नुसती तारीख होते.

पण येथेच सावधही राहिले पाहिजे. फ्रान्सचा आकडा पोकळ झाला, तशी आपली तिथी पोकळ होणार नाही असे कोणी सांगितले? एकादशीला साबुदाणा शिजला, आणि त्याच दिवशी भावाच्या बांधावरून कोर्टाचा कागद निघाला, तर एकादशी पंचांगात राहिली; घरात राहिली नाही. पुण्यतिथीला हार आणि कर्णे, आणि गड्याची मजुरी मात्र थकलेली! नांगराला दिवस देऊन नांगऱ्याचा विसावा कापणाऱ्यांहून आपण निराळे कसे?

तेव्हा आमचे मत असे की, क्षण जपणे हे काळाचे काम नाही, काळाला ते जमतही नाही. ते ऋण आहे, आणि ऋण फेडूनच राखावे लागते. वाचकांनी एवढे करावे: येत्या तिथीला पंचांग उघडताना स्वतःला विचारावे, या दिवसाचे माझ्याकडे काय देणे निघते? कोणाची मजुरी राहिली असेल, कोणाशी अबोला असेल. ते देणे त्या दिवशी चुकते करावे. मग त्या तिथीसाठी नवा शक काढण्याची गरज पडणार नाही.